खिसेकापू आणि होमर

परवा रात्री जेवणं उरकल्यावर भाचीला 'कॅसाब्लांका' हा महायुद्धाच्या काळातला जुना हॉलिवूडपट दाखवत बसले होते. सिनेमा नुकताच सुरू झाला होता. कॅफेबाहेरच्या टेबलाशी एक इंग्रज जोडपं बसलंय, समोर चाललेली पोलिसांची धरपकड पाहून भांबावलंय. तेवढ्यात एक सडपातळ माणूस पुढे होतो आणि त्यांना अगदी कळवळून सगळं समजावून सांगतो. हे युरोपातून जीव घेऊन आलेले निर्वासित, व्हिसाची वाट बघत वर्षानुवर्षं इथं अडकून पडलेले; आणि दुर्दैवानं त्यांच्याबरोबर युरोपातला गाळही वाहत आलाय. बोलता बोलता तो त्या गृहस्थाच्या पार अंगाशी येतो, काळजीनं त्याला बिलगतोच जवळजवळ. सांभाळून राहा साहेब, इथं गिधाडं आहेत, सगळीकडे गिधाडं! एवढं बोलून लगबगीनं निघून जातो. साहेब कोट चाचपतो, पाकीट नसतं. तरी बिचाऱ्याला वाटतं, हॉटेलवरच राहिलं असेल. भाची खळखळून हसली आणि म्हणाली, "मावशी, हा चोर परत येतो का?" मी म्हटलं, "येतो. एकदा याच सिनेमात, आणि मग पंचेचाळीस वर्षांनी दुसऱ्या एका सिनेमात." ती पुन्हा पडद्याकडे वळली, पण तिला दिलेलं ते उत्तर माझ्या डोक्यातून जाईना. पुढचा सगळा सिनेमा मी रिक आणि इल्सा या नायक-नायिकेकडे पाहत होते आणि विचार मात्र त्या खिसेकापूचा करत होते.

त्या नटाचं नाव कुर्ट बोइस. पुन्हा येतो तेव्हा तो रिकच्या कॅफेत कार्ल वेटरला धक्का मारतो, माफी मागतो, आणि कार्ल घाबरून आपले खिसे तपासायला लागतो. संपलं काम. सगळं मिळून दोन-तीन मिनिटंही भरणार नाहीत. पण त्यातली नजर बघावी. तोंड जे बोलतंय त्यापेक्षा डोळे अर्धं पाऊल पुढे असतात. हात बोटांच्या टोकांपर्यंत जागे. खोटी कळकळ दाखवायला नट सहसा आवाज चढवतात; हा आवाज खाली आणतो, म्हणजे ऐकणाऱ्याला जवळ यावंच लागतं. चोरीचं तंत्र आणि अभिनयाचं तंत्र तिथं एकाच हालचालीत मिसळून जातं. आमचे बाबा नाटकाहून परत येताना नायकाबद्दल चकार शब्द काढत नसत. दुसऱ्या अंकात पत्र घेऊन येणाऱ्या माणसाबद्दल बोलत. "त्यानं पत्र देताना मालकाकडे बघितलं नाही, बाईंकडे बघितलं, लक्षात आलं का?" असं रस्त्यात थांबून विचारत. छोट्या भूमिका करणाऱ्यांकडे बघायची सवय मला त्यांच्यामुळे लागली आणि ती सुटावी असं मला कधी वाटलं नाही.

बोइस मूळचा बर्लिनचा. जन्म ५ एप्रिल १९०१, ज्यू कुटुंबातला. थोरली बहीण इल्सेही पुढे कॅबरेत गाजली. सिनेमा स्वतः रांगत होता तेव्हा, १९०७ साली, हा मुलगा कॅमेऱ्यासमोर उभा राहिला, आणि पुढच्या वर्षी बर्लिनच्या थिएटर देस वेस्टेन्समध्ये 'देर फिडेले बाउअर' या संगीतिकेत छोटा हाइनर्ले झाला. सात वर्षांचं पोर. आपल्याकडच्या बालनटांचं पुढे काय होतं ते आपण पाहिलेलं आहे. आवाज फुटला की कौतुक थांबतं. याचं थांबलं नाही. विशीच्या आसपास तो कॅबरेत गाऊ-नाचू लागला, मग नाटकांत आणि मूकपटांत आला. अंगकाठी किरकोळ, चेहरा लांबट, डोळे मोठे, आणि शरीर असं लवचीक की सरळ चालला तरी लोक हसत. बाईच्या वेशातलं काम त्याच्या हातखंड्याचं. रंगभूमीवरची त्याची 'चार्लीज आंट' गाजली. १९२७ सालच्या 'देर फ्युर्स्ट फॉन पापेनहाइम' या सिनेमात तो तयार कपड्यांच्या दुकानातला उमदा नोकर आहे आणि प्रसंग येतो तेव्हा स्वतःच झगा घालून मिरवतो. जो मराठी प्रेक्षक बालगंधर्वांच्या शालूची वर्णनं ऐकत ऐकत मोठा झाला त्याला पुरुषानं स्त्री होण्याचं अप्रूप वाटणार नाही. पण बोइसला बाई म्हणून कुणाला मोहवायचं नव्हतं. झगा घातलेल्या पुरुषाची तारांबळ आणि त्याच वेळी त्याला त्या झग्यात येणारी मजा, दोन्ही तो एकदम दाखवत असे.

आणि नेमकी हीच चित्रफीत पुढे त्याच्याविरुद्ध वापरली गेली.

१९३३ मध्ये हिटलर आला आणि बोइसला जर्मनीत जागा उरली नाही. १९३४ मध्ये तो अमेरिकेला पोचला. आधी ब्रॉडवेवर, मग १९३७ पासून हॉलिवूडमध्ये कामं शोधू लागला. इकडे १९४० साली नाझींनी 'देर एविगे युडे' नावाचा प्रचारपट काढला. ज्यू माणसांच्या चित्रांशेजारी उंदरांचे थवे दाखवणारा, सिनेमाच्या इतिहासातला एक अत्यंत घाणेरडा दस्तऐवज. त्यात जुन्या जर्मन सिनेमांतले तुकडे कापून घातले होते. पीटर लोरेचा 'एम'मधला शेवटचा आक्रोश घातला, आणि स्त्रीवेशातला बोइसही घातला. बघा हे कसे, असं सांगायला. ज्या प्रसंगाला तेरा वर्षांपूर्वी बर्लिनची थिएटरं हसली होती तो प्रसंग आता विकृतीचा पुरावा झाला. चौकट तीच, झगा तोच, माणूस तोच. फक्त वरून बोलणारा आवाज बदलला. नटाकडे त्याच्या हालचालींखेरीज दुसरी मालमत्ता काय असते? ती त्याच्या माघारी उचलून, त्याच्याच लोकांना मारण्याची तयारी करण्यासाठी वापरली गेली. या गोष्टीचा मला इतक्या वर्षांनी, इतक्या लांबून, कसलाही संबंध नसताना संताप येतो.

आता हे मनात ठेवून पुन्हा त्या कॅफेतल्या टेबलाशी यावं. १९४२ चा उन्हाळा, लॉस एंजेलिसजवळचा वॉर्नर ब्रदर्सचा स्टुडिओ. आपल्याच देशानं ज्याला किडामुंगीच्या ओळीत बसवलं तो माणूस इंग्रजीत, जर्मन उच्चार पुरता न लपवता, म्हणतोय की निर्वासितांबरोबर युरोपातला गाळही वाहत आलाय. आणि त्याचं ऐकणाऱ्या प्रेक्षकांपैकी बहुतेकांना हे बोलणारा स्वतः निर्वासित आहे याचा पत्ता नाही. बोइस ते वाक्य कसं म्हणतो? हलकं. त्यात कडवटपणा नाही, आवंढा नाही. त्याला साहेबाचं पाकीट हवंय, बस. बाकीचं सगळं त्यानं सेटच्या बाहेर ठेवलंय.

पण मला या जागी नेहमी संकोच होतो. नटाच्या आयुष्यातलं दुःख त्याच्या भूमिकेवर चढवायची आपल्याला फार हौस असते. अमुक तमुक बाईंच्या रडण्यात त्यांचं खरं रडणं होतं, असं आपण मोठ्या आदरानं लिहितो, आणि नकळत त्यांचं कसब कमी लेखतो. रडायला यावं म्हणून कुणी कंपनीत वर्षं काढत नाही. बोइसचा खिसेकापू चांगला आहे तो बोइस निर्वासित होता म्हणून नव्हे. सातव्या वर्षापासून रंगमंचावर हात कुठं ठेवायचे हे तो शिकत आला होता म्हणून. हे मला पक्कं पटतं. तरीही 'कॅसाब्लांका' पाहताना हे पटलेलं टिकत नाही. कारण त्या सिनेमात जिकडे बघावं तिकडे अशीच माणसं. मेजर स्ट्रासर झालेला कोनराड फाइट ज्यू पत्नीसह १९३३ मध्ये जर्मनी सोडून आलेला, आणि इथं त्याच्या वाट्याला नाझी अधिकारी. लोरे तिथंच. वेटर कार्ल झालेला साकॉल हंगेरीचा ज्यू. कॅफेत 'मार्सेयेज', फ्रान्सचं राष्ट्रगीत, सुरू होतं तेव्हा घोळक्यातल्या काही चेहऱ्यांवरचं पाणी पाहून मी आजवर कधीच निव्वळ अभिनयाचा विचार करू शकलेले नाही. दोन्ही गोष्टी खऱ्या असाव्यात आणि त्यांची एकमेकींत भेसळ करू नये, एवढंच मला वाटतं.

हॉलिवूडमधली त्याची तेरा वर्षं अशीच गेली. न्हावी, वेटर, नोकर, खुशमस्कऱ्या. 'द हंचबॅक ऑफ नॉट्र डेम'मध्ये एक विद्यार्थी. माक्स ओफ्युल्सच्या १९४९ च्या 'कॉट'मध्ये एका लहरी अब्जाधीशाचा हरकाम्या, वाक्यामागून वाक्याला 'डार्लिंग' जोडणारा. ऐकत गेलं की त्या एका शब्दातून त्याची सगळी लाचारी आणि सगळा तिटकारा बाहेर यायला लागतो. ओफ्युल्स स्वतःही जर्मनीतून निसटलेला ज्यू. दोघं सेटवर एकमेकांशी जर्मन बोलत असतील का, असं मनात येतं. विनोदी नटाचा देश सुटणं म्हणजे सर्वात आधी त्याची भाषा सुटणं. शोकनट उच्चार घेऊनही शोक करू शकतो. परक्याचं दुःख लोकांना भारदस्त वाटतं. विनोद मात्र क्षणाच्या शंभराव्या भागावर उभा असतो. कुठला शब्द ओढायचा, कुठला गिळायचा, समोरच्यांच्या घरात तो शब्द कुठल्या सुरात बोलला जातो, हे रक्तात असावं लागतं. चाळिशीच्या उंबऱ्यावर बोइसला हे सगळं नव्यानं उभारावं लागलं, आणि तेही दोन-दोन मिनिटांच्या कामांत.

१९५० मध्ये तो परत गेला. पूर्व बर्लिनला, जिथं नाटककार ब्रेख्त अमेरिकेहून परतून नुकता स्थिरावत होता. ब्रेख्त आपल्याकडे 'अजब न्याय वर्तुळाचा' आणि 'तीन पैशाचा तमाशा'मुळे निम्मा घरचाच, त्यामुळे त्याच्या 'पुंटिला' नाटकाची गोष्ट सांगायला फार प्रयास पडणार नाहीत. दारू प्यायल्यावर प्रेमळ आणि शुद्धीवर आल्यावर निर्दय होणारा जमीनदार, आणि त्याचा ड्रायव्हर माट्टी. बोइस हा पुंटिला ब्रेख्तच्या बर्लिनर आन्साम्बल या नाटकमंडळीत झाला, आणि मग व्हिएन्नात आल्बेर्तो कावाल्कांतीनं केलेल्या सिनेमातही झाला. खिसेकापूचा एकदम मालक. किरकोळ अंगाचा हा माणूस जमीनदार म्हणून शोभेल कसा, अशी शंका येईल. पण पुंटिलाची खरी गंमत त्याच्या आकारात नाही, उलटण्यात आहे. गळ्यात पडलेला हात दुसऱ्या क्षणी गचांडी धरायला कसा निघतो, हे दाखवणारं शरीर हवं. बोइसकडे ते होतंच. चार-पाच वर्षांत तो पश्चिम बर्लिनला गेला आणि मग तिथल्या नाटकांत, सिनेमांत, टीव्हीवर काम करत राहिला. १९६१ मध्ये भिंत उभी राहिली आणि त्याच्या लहानपणाचं शहर मधोमध कापलं गेलं.

ऐंशीच्या घरात आल्यावर त्यानं पुन्हा निर्वासित केला. 'दास बोट इस्ट फोल', १९८१. महायुद्धात स्वित्झर्लंडची सीमा ओलांडून आलेल्या काही ज्यू माणसांची गोष्ट. नियमांत बसावं म्हणून ही अनोळखी माणसं एक कुटुंब असल्याचं सोंग करतात आणि तरीही परत पाठवली जातात. बोइस त्यातला म्हातारा. इथं चलाख नजर नाही, हातचलाखी नाही. सारखं शिष्टाचारानं वागणारा, आपल्यामुळे कुणाची अडचण व्हायला नको म्हणून खुर्चीच्या कडेवर बसणारा माणूस आहे. कॅसाब्लांकातल्या निर्वासितांबद्दल तो लीलया बोलून गेला होता. चाळीस वर्षांनी त्यांच्यातलाच एक होऊन तो जवळजवळ गप्प बसला आहे.

पुढच्याच वर्षी ब्रूनो गांझ आणि ओटो झांडर या दोन नटांनी मिळून एक माहितीपट केला, 'गेडेख्टनिस'. त्यात दोन म्हातारे नट आहेत: एक बोइस, दुसरा बर्नहार्ट मिनेटी. मिनेटी हा जर्मन रंगभूमीचा थोर माणूस, वयानं चार वर्षांनी लहान. तो देश सोडून गेला नव्हता. नाझी काळातली सगळी वर्षं तो बर्लिनच्या सरकारी नाट्यगृहात मोठ्या भूमिका करत होता. म्हणजे जेव्हा एक जण हॅम्लेट-फाउस्टच्या परंपरेत अभिजात वाढत होता तेव्हा दुसरा कॅलिफोर्नियात वेटरच्या भूमिकेसाठी रांगेत होता. तरुण नटांनी या दोघांना एका चित्रपटात शेजारी आणलं, न्यायनिवाडा करायला नव्हे, शिकायला. मला हे धाडसाचं वाटतं आणि थोडं अस्वस्थही करतं. जाणाऱ्याचं जे बुडालं त्याची भरपाई कुठल्याही आदरानं होत नाही. बोइसला ज्या वयात लिअर, मोलिएर, शायलॉक मिळायचे त्या वयात त्याच्या हातात ट्रे होता. मिनेटीचं मोठेपण मी नाकारत नाही. ते नाकारता येणार नाही इतकं उघड आहे. पण त्या दोघांच्या यादीतला फरक फक्त प्रतिभेनं पडलेला नव्हता.

आणि मग होमर.

विम वेंडर्सचा १९८७ चा 'विंग्ज ऑफ डिझायर' आपल्यापैकी बऱ्याच जणांनी फिल्म सोसायटीत किंवा मॅक्स म्यूलर भवनात पाहिलेला असतो, आणि लक्षात राहतात ते लांब ओव्हरकोटातले देवदूत. गांझ आणि झांडरच ते. माझ्या लक्षात राहतो तो बर्लिनच्या राज्य ग्रंथालयाच्या जिन्यावर दमून टेकलेला म्हातारा. सिनेमात त्याचं नाव होमर, आणि तो झालाय बोइस. झांडरचा देवदूत त्याच्या मागोमाग चालत राहतो, ग्रंथालयातून बाहेर, भिंतीच्या कडेकडेनं, गवत माजलेल्या एका ओसाड माळावर. म्हातारा पोट्सडामर प्लाट्झ शोधतोय. तो माळच पोट्सडामर प्लाट्झ आहे. एकेकाळी युरोपातला सगळ्यात गजबजलेला चौक, १९२४ साली जिथं वाहतूक आवरायला दिव्यांचा मनोरा उभारावा लागला तो. बॉम्बनं आणि नंतर भिंतीनं पुसून टाकलेला. म्हातारा पुटपुटतो: इथं कॅफे योस्टी होतं, दुपारी मी गप्पा मारत कॉफी घ्यायचो, माणसं बघायचो, त्याआधी लोझे उंड वोल्फकडून सिगार. मग एक दिवस झेंडे लागले, चौकभर झेंडे, आणि लोक प्रेमळ राहिले नाहीत, पोलीसही नाहीत. कुणीतरी टाकून दिलेली एक जुनी गुबगुबीत खुर्ची गवतात पडलेली असते, तिच्यात तो धापा टाकत बसतो. शोध सोडणार नाही म्हणतो.

हे शब्द त्याचे नव्हेत, लिहून दिलेले आहेत. पण चित्रीकरणाच्या वेळी तो पंच्याऐंशीचा होता, आणि त्या चौकातून खरोखर चाललेला, ते झेंडे बत्तीसाव्या वर्षी खरोखर पाहिलेला माणूस होता. मघाशी मी ज्या संकोचाबद्दल लिहिलं तो इथं मला ठेवता येत नाही. मात्र एक गोष्ट मी पुन्हा पुन्हा थांबवून पाहिली आहे. 'आणि मग झेंडे' म्हणताना कुठलाही दुसरा नट थांबला असता. बोइस थांबत नाही. कॉफी, सिगार, झेंडे, पोलीस, सगळं तो एकाच चिडचिड्या, वाट चुकलेल्या म्हाताऱ्याच्या सुरात म्हणतो. त्याला झेंड्यांपेक्षा कॅफे सापडत नाही याचा राग जास्त आहे. ते विनोदी नटाचं काळजातलं घड्याळ आहे, कुठं थांबायचं नाही हे सांगणारं. त्यामुळेच तो क्षण अंगावर येतो.

या भूमिकेसाठी त्याला १९८८ मध्ये पहिल्यावहिल्या युरोपियन फिल्म अवॉर्ड्समध्ये सर्वोत्तम साहाय्यक अभिनयाचं पारितोषिक मिळालं. सोहळा झाला बर्लिनच्या थिएटर देस वेस्टेन्समध्ये. जिथं १९०८ साली हाइनर्ले झाला होता तिथंच. हे कळलं तेव्हा मी उठून घरभर फिरले, सांगायला कुणी सापडतंय का बघत. पुढच्या वर्षी भिंत पडली, पोट्सडामर प्लाट्झवरून माणसं पुन्हा चालायला लागली. २५ डिसेंबर १९९१ ला बर्लिनमध्येच बोइस गेला. त्या चौकात नंतर उभे राहिलेले काचेचे मनोरे त्यानं पाहिले नाहीत. त्यांतल्याच एका इमारतीत पुढे कितीतरी वर्षं जर्मन सिनेमाचं संग्रहालय होतं.

भाचीला मी लगेच होमर दाखवला नाही. ज्यांना कुर्ट बोइस बघायचाय त्यांनी तिथून सुरुवात करूच नये. त्या म्हाताऱ्याचं वजन आधी अंगावर घेतलं तर बाकीचा माणूस दिसत नाही. सुरुवात करावी एर्न्स्ट लुबिचच्या १९१९ च्या 'ऑयस्टर प्रिन्सेस'पासून. लग्नाच्या मेजवानीत अचानक फॉक्सट्रॉटची साथ पसरते. जिन्यांवर नोकर नाचताहेत, स्वयंपाकघरात आचारी नाचताहेत, दिवाणखान्यात पाहुणे नाचताहेत. आणि या सगळ्याला चेतवणारा वाद्यवृंदाचा संचालक म्हणजे अठरा वर्षांचा बोइस. छडी नावालाच, खरं संचालन कंबरेनं चाललंय. मूकपट असून ठेका ऐकू येतो. भाचीनं तो प्रसंग लागोपाठ पाहिला आणि मग फोन उचलून मैत्रिणीला पाठवला, खाली लिहून, "हा तो चोर!"